डॉक्टरांच्या घरात न वाचायचं पुस्तक

अमिरातीतल्या अल ऐनमध्ये आम्ही ज्या कंपाउंडमध्ये राहतो, तिथल्या शेवटच्या व्हिलात एक नॉर्वेजियन डॉक्टरबाई राहतात. माझा नवरा ज्या हॉस्पिटलमध्ये मशिनं सांभाळतो, तिथेच त्या एका डिपार्टमेंटच्या प्रमुख आहेत. त्यांच्याकडचं एखादं मशिन अडलं की हा धावत जातो. याचं काँट्रॅक्ट रिन्यू करायची वेळ आली की ज्यांना विचारलं जातं, त्यांत त्याही आहेत. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढे मला जी भीती वाटली ती उगाचची नव्हती.

तशी मी मुळातच भित्री. पुण्यात कॉलेजवर इंग्रजी शिकवायचे तेव्हाही पहिल्या तासाला पोटात गोळा यायचा. लग्नानंतर काही वर्षांनी नवऱ्याच्या व्हिसावर इथे आले आणि त्या भीतीला घर मिळालं. आमच्या शेजारी नगरचं एक कुटुंब होतं. त्यांची नोकरी गेली, तिच्याबरोबर व्हिसाही, आणि बघता बघता घर रिकामं झालं. सोफा, टीव्ही, मुलाची सायकल, सगळ्याचे फोटो विक्रीसाठी ग्रुपवर आले. मुलाला शाळेच्या अर्ध्या वर्षातून उचलून न्यावं लागलं. त्यांचा फ्रिज आम्ही घेतला. त्याच्या दारावर त्या मुलाने चिकटवलेला डायनोसॉर अजून आहे. तो खरवडून काढावा असं कितीदा वाटलं, पण हात धजला नाही. नवरा नेहमी म्हणायचा, आपण इथे पाहुणे आहोत, पाहुण्याने पाहुण्यासारखं राहावं. आमची मुलगी त्याच्यावर ‘बाबा, प्लीज’ एवढंच म्हणायची आणि आपल्या खोलीत जायची.

एका शनिवारी सकाळी डॉक्टरबाई स्वतः आमच्या दारात आल्या. मला वाटलं नवऱ्याचंच काहीतरी चुकलं. पण त्या माझ्याकडे आल्या होत्या. त्यांची आई नॉर्वेहून कायमची राहायला आली होती. वय ऐंशीच्या पुढे, डोळ्यांचा मधला भाग गेलेला, कडेकडेचं तेवढं दिसायचं. तिकडे एकटी राहताना दोनदा शेगडी चालू राहिली, तेव्हा लेकीने इथे आणलं. आई लेखिका होती. कानाला यंत्र लावून पुस्तकं ऐकायला तिचा नकार होता. माणसाने वाचलेलंच ऐकणार, म्हणायची. मी इंग्रजी शिकवलं आहे हे डॉक्टरबाईंना नवऱ्याकडूनच कळलं होतं. आठवड्यातून काही दुपारी येशील का, असं त्यांनी विचारलं. माझ्या आधी नवराच हो म्हणाला. पगार वगैरे काही नको, डिपेंडंट व्हिसावर ते बरं दिसत नाही, शेजारी म्हणून येईल ती. दार लावल्यावर मला म्हणाला, “बाई चांगल्या आहेत, पण कडक आहेत. त्यांना नाराज करू नकोस.”

पहिल्या दिवशी डॉक्टरबाईंनी मला पुस्तकांच्या कपाटाशी नेलं. आईने आपल्या कादंबऱ्यांची इंग्रजी भाषांतरं पेटीत भरून आणली होती. ओळीने लावलेल्या त्या पुस्तकांतल्या एका करड्या पाठीवर डॉक्टरबाईंनी बोट ठेवलं आणि म्हणाल्या, “हे सोडून काहीही. हे माझ्या घरात वाचायचं नाही.” आवाज चढवला नव्हता. पेशंटला पथ्य सांगावं तसं सांगितलं. मी मान हलवली. का, हे विचारायची माझी छाती नव्हती.

आई खिडकीशी बसलेली होती. उंच, हाडकुळी, पांढरे केस मुलासारखे कापलेले. बोलताना ती माझ्या कानाकडे बघायची, कारण सरळ पाहिलं तर मी दिसत नसे. मला नावाने हाक मार म्हणाली, आमच्याकडे सगळे तसंच करतात. पाच-सहा वेळा प्रयत्न केला, जीभ वळेना. मग मी ‘आजी’ म्हणू लागले. त्याचा अर्थ सांगितला तेव्हा त्या म्हणाल्या, ठीक आहे, हा हुद्दा मला लेकीकडून मिळालाच नाही.

त्यांच्या पहिल्या कादंबरीपासून सुरुवात झाली. मी वर्गात वाचायची तशी खणखणीत वाचायला लागले, तर त्यांनी थांबवलं. हळू वाच, म्हणाल्या, इथे मी एकटी आहे. मध्येच थांबवून त्या सांगायच्या, आणि असं त्यांचं आयुष्य मला तुकड्यातुकड्यांनी कळत गेलं. उत्तरेकडचं एक लहान बेट. वडील मासेमारीच्या होडीवर, आई किनाऱ्यावर मासे चिरून लाकडी मांडवांवर वाळत घालणारी. होड्या बाहेर असल्या की बेटावरच्या बायका बोलायच्या नाहीत, नुसत्या काम करत राहायच्या. भीती म्हणजे काय ते मी वाचायला शिकण्याआधी शिकले, असं त्या म्हणाल्या. मग शिष्यवृत्तीवर शिक्षिकेचं शिक्षण, एका बंदराच्या गावात नोकरी, तिथल्याच हेडमास्तरांशी लग्न, एक मुलगी. रात्रीची भांडी झाल्यावर ओल्या हाताने स्वयंपाकघरातच लिहिलेली ती पहिली कादंबरी होती. मासे डबाबंद करायच्या कारखान्यातल्या बायकांची. त्यातली एक बाई एके दिवशी सुरी खाली ठेवते आणि म्हणते, मी बसते जरा. एवढ्यावर सगळा कारखाना बंद पडतो. मोठ्या शहरातल्या एका परीक्षकाने लिहिलं की पुस्तकाला माशाचा आणि फोडणीचा वास येतो. फोडणी हा शब्द अर्थात माझा. आजींनी सांगितलेला पदार्थ मला कळला नाही.

त्यांच्या देशातल्या बायका तेव्हा रस्त्यावर उतरल्या होत्या, सभा भरत होत्या. त्या पुस्तकामुळे यांना सगळीकडून बोलावणी येऊ लागली. वर्तमानपत्रांनी यांना निडर म्हणून नाव दिलं. मी विचारलं, तुम्हाला खरंच भीती नाही वाटायची? त्या बराच वेळ हसल्या. प्रत्येक सभेच्या आधी त्या उलटी करायच्या. घरी फोन यायचे, पलीकडून कोणी बोलायचं नाही, श्वास तेवढा ऐकू यायचा. एकदा सकाळी दाराच्या कडीला मेलेला समुद्रपक्षी टांगलेला होता. लेक शाळेला निघायच्या आत तो काढायला हवा म्हणून त्यांनी तो हातानेच सोडवला, आणि दिवसभर हात धूत राहिल्या. “लिहिताना कधी भीती गेली नाही,” त्या म्हणाल्या. “ती जाईपर्यंत थांबले असते तर एक ओळ लिहून झाली नसती.”

हे ऐकून मला धीर यायला हवा होता. आला नाही. घरी आल्यावर मी दाराची कडी दोनदा बघितली.

हिवाळा संपता संपता आजींनी ते करड्या पाठीचं पुस्तक मागितलं. त्यांच्या देशातले प्रकाशक ते नव्याने काढणार होते आणि त्यांना नवी प्रस्तावना हवी होती. आजींनी ते पुस्तक कित्येक वर्षांत उघडलं नव्हतं. आत काय आहे ते ऐकल्याशिवाय लिहू कशी, असं त्यांचं म्हणणं. मी नाही म्हणाले. डॉक्टरबाईंनी बजावलंय, माझ्या नवऱ्याची नोकरी आहे, सगळं खरं खरं सांगितलं. पुढे बरेच दिवस आजींनी विषय काढला नाही, मी दुसरंच काही वाचत राहिले. मग एकदा त्यांनी मला आपलं रेसिडेन्सीचं कार्ड आणायला लावलं आणि त्यावर काय लिहिलंय ते वाचून दाखव म्हणाल्या. मी वाचलं. लेकीच्या नावावर त्यांचा व्हिसा होता, माझा नवऱ्याच्या. “म्हणजे आपण दोघी डिपेंडंट,” त्या म्हणाल्या. “बायकांनी कुणावर अवलंबून राहू नये म्हणून मी आयुष्यभर ओरडले. आता माझंच पुस्तक मला कुणीतरी वाचून दाखवावं लागतं.”

त्यांच्या तोंडावर विनवणी नव्हती. पण मी उठले आणि कपाटातून ते पुस्तक काढलं. खरं सांगायचं तर मलाही ते वाचायचं होतं. एवढ्या महिन्यांत त्या कपाटाकडे पाठ करून बसणंसुद्धा मला जमेनासं झालं होतं.

नवऱ्याला मी काही सांगितलं नाही.

ती कादंबरी त्यांच्या लग्नाची होती. नवरा वाईट नव्हता, मारकुटा नव्हता. तो फक्त प्रत्येक गोष्ट तिच्यापेक्षा आधी ठरवायचा. खिडकी किती उघडायची इथपासून. शेवटी ती बाई राजधानीला जाणारी बोट पकडते. गावातले वकील, नातेवाईक, सगळे ठरवतात की नऊ वर्षांची मुलगी वडिलांकडेच राहील. मला घाम फुटायचा तो गोष्टीने नव्हे, तर बाहेरच्या आवाजांनी. फाटकाचं करकरणं, कचऱ्याची गाडी, माळ्याचा पाइप. मी मांडीवर दुसरं एक पुस्तक तयार ठेवायची. गाडीचा आवाज आला की हे खाली, ते वर. सुरुवातीला आजींना माझ्या या कसरतीची मजा वाटायची. पण जसजसा बोटीचा प्रसंग जवळ यायला लागला तशा त्याच अस्वस्थ होऊ लागल्या. मध्येच पाणी मागायच्या. उशी नीट कर म्हणायच्या. आज इथेच थांबू म्हणायच्या. मी मनात म्हणायची, मी लेकीला घाबरते ते ठीक, पण या कशाला?

तो प्रसंग वाचायला घेतला त्या दिवशी वादळ होतं. दुपारी आकाश पिवळं झालं, खिडकीबाहेरची खजुराची झाडं दिसेनाशी झाली, वाळू काचेवर नुसती घासत होती. त्या आवाजात गाडी आलेली मला ऐकू आली नाही. मी वाचत होते. बोटीची शिडी वर घेतात, दोर सोडतात. आई डेकवर उभी आहे. आणि लाल टोपी घातलेली लहान मुलगी धक्क्यावरून धावत येते, अगदी टोकाच्या खुंटापर्यंत येते आणि हात हलवते. रडत नाही. नुसता हात हलवते. आईला कळतं, हिने मला जाऊ दिलं.

मी मान वर केली तर दारात डॉक्टरबाई उभ्या.

केसांवर धूळ, हातावर पांढरा कोट. वादळामुळे लवकर आल्या असाव्यात. माझा आवाज तिथेच बंद पडला. दुसरं पुस्तक मांडीवरून घसरून खाली पडलं.

“का थांबलीस?” आजींनी विचारलं. त्यांना दार दिसत नव्हतं.

डॉक्टरबाईंनी हात उचलून मला खूण केली, वाच. मी वाचलं. अक्षरं दिसत होती, अर्थ काही लागत नव्हता. डोक्यात फक्त एकच चाललं होतं, आता नवऱ्याला काय सांगू. प्रकरण संपलं तेव्हा डॉक्टरबाई आत आल्या. मायलेकी एरवी आपल्या भाषेत बोलायच्या. त्या दिवशी डॉक्टरबाई इंग्रजीत बोलल्या. बहुधा त्यांना कुणीतरी ऐकायला हवं होतं.

“मी तिथे नव्हते,” त्या म्हणाल्या.

आजी दचकल्या. मग तोंड लेकीच्या दिशेला वळवून म्हणाल्या, “माहीत आहे.”

“माझी टोपी लालसुद्धा नव्हती. मी काकांकडे होते. बाबांनी सांगितलं होतं, आई दात दाखवायला गेली आहे. मला संध्याकाळी कळलं.”

त्या उभ्याच होत्या. पुढचं सगळं त्यांनी एका सुरात सांगितलं. हे पुस्तक त्यांनी कधी वाचलं नव्हतं, पण देशातल्या प्रत्येकाने वाचलेलं होतं. शाळेतल्या बाईंनी त्यांना मिठी मारली होती. मेडिकल कॉलेजात, पेशंट तपासताना, स्वतःच्या लग्नातसुद्धा, अनोळखी बायका येऊन त्यांचा हात हातात घ्यायच्या आणि डोळ्यांत पाणी आणून म्हणायच्या, हात हलवणारी मुलगी ती तूच ना. त्या हो म्हणायच्या. शाळकरी मुलीने काय म्हणायचं असतं? पुढे सवयच झाली. आपण आईला माफ केलं हे सगळ्या देशाला आपल्याआधी कळलेलं होतं, आणि आपण तर अजून केलंच नव्हतं.

आजींचे हात मांडीवर पडलेले होते. “कोणीच आलं नव्हतं,” त्या म्हणाल्या. “धक्का रिकामा होता. ते मला लिहिता आलं नाही.”

बाहेर वाळू घासतच होती. डॉक्टरबाईंनी माझ्याकडे बघितलं, जणू मी आत्ताच तिथे उगवले होते, आणि शांतपणे म्हणाल्या, तू घरी जा. मी चप्पल घालून तशीच वादळात बाहेर पडले. आमचं घर शंभर पावलांवर असेल नसेल, पण मला ते सापडेना. ओढणी तोंडाला लावून एका गाडीला टेकून उभी राहिले.

संध्याकाळी नवऱ्याला सगळं सांगितलं. तो ओरडला असता तर बरं झालं असतं. तो सोफ्यावर बसला आणि फोनवर हॉस्पिटलचे मेल उघडून बघायला लागला, जणू काढून टाकल्याचं पत्र आत्ताच येणार होतं. बऱ्याच वेळाने त्याने विचारलं, एवढं होतं काय त्या पुस्तकात? मी बोटीपर्यंतची गोष्ट सांगितली. खिडकी किती उघडायची ते नवरा ठरवायचा, हेही सांगितलं. तो उठून गॅलरीचं दार लावायला गेला आणि मध्येच थांबून म्हणाला, लावू का? धूळ येतेय. मला हसू यायला हवं होतं, पण मी नुसतं ‘लाव’ म्हणाले.

पुढचे दिवस कसे गेले ते सांगता येत नाही. अनोळखी नंबरवरून फोन आला की तो वाजून थांबेपर्यंत मी नुसती बघत राहायची. मुलीच्या शाळेची फी भरायची का थांबायचं, यावर आम्ही कुजबुजत बोलायचो. ती सगळं ऐकत असायची. एकदा तिने सरळ विचारलं, “आर वी गोइंग बॅक?” नवरा म्हणाला, इन्शाल्ला नाही. तेवढ्यात डॉक्टरबाईंच्या डिपार्टमेंटमधलं मशिन बिघडलं आणि याला जावं लागलं. परत आला तो चेहरा पाडून. त्या काहीच बोलल्या नाहीत, फक्त जाताना म्हणाल्या, तुमची बायको छान वाचते. कसं म्हणाल्या, मी विचारलं. रागाने? कौतुकाने? त्याला सांगता येईना. आम्ही त्या एका वाक्याचा सगळ्या बाजूंनी कीस पाडला.

मग एके दिवशी डॉक्टरबाई पुन्हा दारात उभ्या राहिल्या. त्या आत आल्या नाहीत. आई नीट जेवत नाही, म्हणाल्या, आणि दुसऱ्या कुणाचं वाचलेलं ऐकत नाही. “तू ये. तेच पुस्तक. पहिल्या पानापासून. मी पण बसणार आहे.”

चोरून वाचताना वाटलेली भीती या भीतीपुढे काहीच नव्हती. डॉक्टरबाई सुट्टीच्या दिवशी समोरच्या खुर्चीवर ताठ बसायच्या आणि स्वतःच्या बालपणाचं घर परक्या बाईच्या तोंडून ऐकायच्या. मध्येच म्हणायच्या, स्वयंपाकघर हिरवं होतं, निळं नाही. आजी म्हणायच्या, मी असताना निळंच होतं, हिरवं नंतर दिलं असेल. कधी दोघी आपल्या भाषेत शिरायच्या. आवाज वाढायचे, मी ओळीवर बोट ठेवून जमिनीकडे बघत बसायची. एकदा तर डॉक्टरबाई उठून गेल्या आणि आत कितीतरी वेळ नळ वाहत राहिला. आजींनी मला विचारलं, ती रडतेय का? मी म्हणाले, मला माहीत नाही. त्या म्हणाल्या, जाऊन बघायची माझी हिंमत नाही. मग चाचपडत उठल्या आणि भिंत धरून गेल्या. मी पुस्तक मिटून तिथेच बसले. नळ बंद झाला. दोघी बाहेर आल्या नाहीत, तेव्हा मी आवाज न करता घरी गेले.

पुस्तक वाचून संपलं आणि प्रस्तावनेची वेळ आली. आजी ती मला इंग्रजीत सांगणार आणि डॉक्टरबाई तिचं नॉर्वेजियन करणार, असं ठरलं. मला नवल वाटलं. लेखिकेने स्वतःच्या भाषेत का सांगू नये? आजी म्हणाल्या, “माझ्या भाषेत मला फार छान लिहिता येतं. इंग्रजीत शब्द कमी येतात, तेवढं खोटं कमी.”

पण त्या खऱ्यापाशी येऊन अडल्या. धक्का रिकामा होता, हे सांगायचं की नाही. लेकीचं म्हणणं, सांग. आजींना ते जमेना, आणि का ते त्यांनी मला एका दुपारी सांगितलं. त्या पुस्तकानंतर किती बायका त्यांना भेटल्या होत्या. नको असलेल्या घरातून बाहेर पडलेल्या, काही मुलांना मागे ठेवून. त्या म्हणायच्या, तुमच्या मुलीने हात हलवला ते वाचलं म्हणून आमचा पाय उचलला. “त्यांना मी आता काय सांगू?” आजी म्हणाल्या. “की तुमचा धीर मी बनवला होता? त्यातल्या काही आता माझ्याएवढ्या म्हाताऱ्या आहेत. मला त्यांची भीती वाटते.”

डॉक्टरबाईही तिथेच बसल्या होत्या. आजींनी तोंड माझ्या कानाकडे वळवलं आणि विचारलं, तुला काय वाटतं?

मला कोणी असं विचारत नाही. मी एक शब्द इकडचा तिकडे बोलले तर या घरातून आणि कदाचित या देशातून मला गाशा गुंडाळावा लागेल, असं तेव्हाही वाटत होतं. डॉक्टरबाईंकडे न बघता मी म्हणाले, “ज्यांनी पाय उचलला, त्यांच्या धक्क्यावरही कोणी आलं नसेल. त्यांना इतकी वर्षं वाटत असेल, तुमची आली, आमचीच का नाही आली.”

मला वाटलं, संपलं. मग आजी म्हणाल्या, लिही.

प्रस्तावना अगदी लहान झाली. डॉक्टरबाईंनी तिचं भाषांतर टेबलाशी बसून केलं, एकेक शब्द आईला विचारत. पाठवायच्या दिवशी सकाळी आजींना उलटी झाली. लेक डॉक्टर असून घाबरली. मी म्हणाले, काही नाही, हे त्यांचं नेहमीचं आहे. डॉक्टरबाईंना ते माहीत नव्हतं. त्यांनी आईकडे बघितलं आणि तिच्या पाठीवरून हात फिरवला, आधी डॉक्टरसारखा, मग निराळा.

पुस्तक बाहेर आल्यावर तिकडे गहजब झाला, असं डॉक्टरबाई सांगायच्या. काही जण फार चिडले. एकाने टीव्हीवर म्हटलं की या बाईने एका पिढीला फसवलं. आजी ऐकायच्या आणि हात धुवायला उठायच्या. पुढच्या थंडीत त्यांच्या छातीत कफ झाला आणि त्यांना हॉस्पिटलमध्ये हलवलं. नवरा तिथेच असल्याने मी रोज त्याच्या गाडीतून जायची. एकदा आजींच्या उशाशी डॉक्टरबाई फोनवर बोलत होत्या. तिकडच्या प्रकाशकांकडे एका वयस्कर बाईंनी फोन करून निरोप ठेवला होता. डॉक्टरबाईंनी तो आईला सांगितला आणि मग मला इंग्रजीत. त्या बाई दोन मुलांना सोडून गेल्या होत्या, आणि त्यांना निरोप द्यायला कोणी आलं नव्हतं. त्यांचा निरोप एवढाच होता, की मला वाटायचं मीच तेवढी वाईट.

आजींनी तो परत सांगायला लावला. परत एकदा. मग लेकीचा हात धरून डोळे मिटले. झोपल्या असं वाटलं, पण हात सुटला नव्हता.

त्यानंतर त्या थोडेच दिवस होत्या. गेल्यावर त्यांना तिकडेच नेलं, त्यांच्या बेटावर. डॉक्टरबाई गेल्या आणि महिन्याभराने परत आल्या. त्या येईपर्यंत त्यांच्या बागेला पाणी मीच घालत होते.

नवऱ्याचं काँट्रॅक्ट रिन्यू झालं. त्यात डॉक्टरबाईंचं मत काय पडलं, आम्हाला अजून माहीत नाही, आणि विचारायची सोय नाही. त्या भेटल्या की दोन शब्द बोलतात. मागच्या महिन्यात मी इथल्या एका शाळेत इंग्रजीच्या जागेसाठी मुलाखत दिली. आदल्या दिवसापासून मला काही खाववत नव्हतं. सकाळी बाथरूममध्ये बेसिन धरून उभी होते तेव्हा मुलगी दारात आली आणि विचारलं, “ममा, आर यू ओके?” मी म्हणाले, नाही, भीती वाटतेय. तिने पाण्याचा ग्लास माझ्या हातात दिला आणि म्हणाली, बाबा खाली गाडी काढून थांबलाय. मी चूळ भरली, तोंड पुसलं आणि खाली गेले.